नाशिकची स्ट्रीट फूड वॉकिंग टूर: मिसळ नाही, तरी (खरं तर म्हणूनच) चार स्टार

आधी थेट मुद्द्याचं सांगते. नाशकात पंचवटीतून सुरू होऊन जुन्या गावातल्या गल्ल्यांमधून पायी फिरवत खायला घालणारी संध्याकाळची टूर आम्ही घेतली, म्हणजे मी, नवरा, माझी आई आणि चौथीतला मुलगा, आणि मला ती मनापासून आवडली. पाचपैकी चार स्टार. एक स्टार कुठे गेला ते पुढे लिहिलंय. पण बुकिंगच्या आधी रिव्ह्यू वाचत बसले होते तेव्हा एकच तक्रार सारखी दिसत होती, नाशिकची फूड टूर आणि त्यात मिसळच नाही म्हणजे काय, आणि तेवढ्यावरून लोकांनी दोन-दोन स्टार देऊन टाकलेत. माझं मत याच्या अगदी उलट आहे. मिसळ न ठेवणं हा या टूरचा सगळ्यात शहाणा निर्णय आहे आणि ज्याने कोणी ती आखली त्याला खाण्यातलं कळतं हे मला तिथेच पटलं.

का ते सांगते. मिसळ हे चालता चालता खायचं काम नाहीये. ताटात मटकी, शेव-फरसाण, वेगळ्या वाटीत काळ्या मसाल्याचा रस्सा, कांदा, लिंबू, पापड, दही, पाव, काही ठिकाणी वर गुलाबजाम नाहीतर जिलबी, मग रस्सा परत मागायचा, मग परत पाव, आणि हे सगळं निवांत बसून. नाशिकची माणसं रविवारी सकाळी घरच्या सगळ्यांना गाडीत घालून मिसळ खायला जातात, तो त्यांचा अर्धा दिवसाचा कार्यक्रम असतो. असली मिसळ संध्याकाळी पहिल्याच स्टॉपला खाल्ली तर पुढच्या गल्लीत कोणी काय खाणार? आणि सकाळी कढलेला रस्सा सकाळीच खावा. टूरवाल्यांनी मिसळ ठेवली असती तर लोक खूश झाले असते, रिव्ह्यूही चांगले आले असते, पण बाकीचं सगळं नुसतं तोंडी लावायला उरलं असतं.

आम्ही अमरावतीचे. त्र्यंबकेश्वरच्या दर्शनाला आलो होतो, जानेवारीची थंडी होती, आणि त्र्यंबकहून आल्यावर एक संध्याकाळ मोकळी मिळत होती म्हणून ही टूर बुक केली. माणशी साडेआठशे रुपये, मुलाचे निम्मे, त्यात खाणं, पाणी, गाईड सगळं धरून. हे पैसे जास्त वाटतात, मलाही वाटले, कारण गल्लीत उभं राहून खायच्या गोष्टी आहेत, स्वतः फिरून खाल्लं असतं तर एका माणसाचं अडीचशे-तीनशेत पोट भरलं असतं. मग वरचे पैसे कशाचे, हा प्रश्न डोक्यात ठेवूनच मी गेले होते आणि त्याचं उत्तर मिळालं म्हणून एवढं लांबलचक लिहितेय.

भेटायची जागा काळाराम मंदिराजवळ होती. गाईड दादा पंचवटीतच वाढलेला, पंचविशीतला मुलगा. पहिल्यांदा त्याने सगळ्यांना विचारलं की कोणाला काय चालत नाही, तिखट किती चालतं, कोणाचे गुडघे दुखतात, कोणाला शुगर आहे. शुगरचं विचारणारा गाईड मी पहिल्यांदा पाहिला. आईने सांगितलं की बाळा, माझी आज संकष्टी आहे, मी नुसती तुमच्यासोबत फिरते. तर तो म्हणाला, "मावशी, नुसतं कशाला फिरायचं, तुमचं मी वेगळं बघतो ना." असं बोलायला सगळेच बोलतात, त्याने ते शेवटपर्यंत केलं.

काळारामच्या दारात त्याने २ मार्च १९३० ला सुरू झालेल्या सत्याग्रहाबद्दल सांगितलं, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी याच मंदिराच्या प्रवेशासाठी तो उभा केला होता. फूड टूर आहे म्हणून हे दोन वाक्यात उरकलं नाही, नीट थांबून सांगितलं, कोण आत जाऊ शकत होतं आणि कोण नाही ते. माझा मुलगा प्रश्न विचारत होता आणि दादा त्याला त्याच्या वयाला कळेल असं उत्तर देत होता. मला हे फार बरं वाटलं.

तिथून खाली रामकुंडाकडे. पहिलं खाणं म्हणजे पेरू, तिखट-मीठ लावून, चार फोडी करून, बस. सुरुवातीला वाटलं साडेआठशे रुपयांत पेरू? पण थंडीतला पेरू आहे, कडक, आतून गोड, आणि आम्ही दुपारी त्र्यंबकला बऱ्यापैकी जेवून आलो होतो त्यामुळे पोटात काहीतरी हलकं जाणं गरजेचं होतं. पेरू खात खात घाटावरून चालायचं. दुतोंड्या मारुती दाखवला, पावसाळ्यात पाणी त्याच्या कुठपर्यंत चढलं यावरून गाव पुराचा अंदाज घेतं, गुडघ्यापर्यंत, कमरेपर्यंत, छातीपर्यंत. नारोशंकराच्या देवळाची मोठी घंटा पाहिली, हे देऊळ १७४७ चं. आणि घाटावर बुधवारी भरणाऱ्या बाजाराबद्दल सांगितलं. आम्ही बुधवारी गेलो नव्हतो, पण ज्यांना जमेल त्यांनी बुधवार बघून जावं, दादाचं म्हणणं होतं की त्या दिवशी आजूबाजूच्या गावांमधून येणारं खाणं वेगळंच असतं.

मग अहिल्याबाई होळकर पुलावरून पलीकडे, सुंदरनारायण, आणि रविवार कारंजा. इथे चांदीचा गणपती आहे. संकष्टी असल्याने चांगलीच गर्दी होती, टूरमध्ये हा स्टॉप नव्हता, पण दादाने आईकडे बघितलं आणि ग्रुपला म्हणाला की इथे दहा मिनिटं थांबूया, ज्यांना दर्शन घ्यायचं त्यांनी घ्या, बाकीच्यांना तोवर मी चहा पाजतो. सोळा जणांच्या ग्रुपमध्ये एका बाईसाठी हे करणं सोपं नाही. कोणी कुरकुर केली नाही कारण चहा चांगला होता आणि हातात गरम काहीतरी हवंच होतं.

त्यानंतर भेळभत्ता. हे आमच्याकडे या रूपात मिळत नाही म्हणून थोडं सांगते. चिंच-खजुराच्या पाण्याची ओली भेळ नाही, कोरडा प्रकार, मुरमुरे, शेव, दाणे, फरसाण, वर कच्चा कांदा आणि सोबत मीठ लावलेली तळलेली हिरवी मिरची, कागदात बांधून हातात. दादाने सगळ्यांना सांगितलं की पूर्ण खाऊ नका, अर्धा पुडा बांधून पिशवीत ठेवा, पुढे जिलबी झाल्यावर दोन घास याचे खा. हे मी कधीच केलं नसतं, मी समोर आलेलं सगळं संपवते. जिलबीनंतर खरंच तो उरलेला भत्ता काढून खाल्ला आणि तिखटाने तोंड परत ताजं झालं.

आता साबुदाणा वडा. जुन्या नाशकात सायंताराचा साबुदाणा वडा हे नाव कोणालाही विचारा, सांगतील. इथे मला दादाचं काम सगळ्यात जवळून दिसलं. आई वडा बघून थबकली, कारण उपवासाचा पदार्थ असला तरी त्याच कढईत बाहेरचं काही तळलं असेल तर तिला चालत नाही. ती हे बोलली नाही, नुसती उभी राहिली. आमच्याकडे बायका अशा वेळी बोलत नाहीत, नको म्हणतात आणि पाणी पितात. दादाने स्वतःहून तिला कढईपाशी नेलं आणि म्हणाला, "मावशी, या कढईत फक्त हेच तळतात, तुमच्या डोळ्यांनी बघा, मनात शंका ठेवून खाऊ नका." आईने पाच मिनिटं उभं राहून बघितलं. वडा तेलात सोडला की आधी खाली बसतो, मग वर येतो, कडेला फेस कमी कमी होत जातो आणि साबुदाण्याचे दाणे वरच्या सालीवर काचेसारखे पारदर्शक दिसायला लागतात, तेव्हा तो झाऱ्याने उलटवायचा. मग तिने दोन वडे खाल्ले. बाहेरून कुरकुरीत, आत दाण्याचं कूट जाडसर, बटाटा बेताचा. आई तीस-पस्तीस वर्षं घरी हे वडे करते आणि तिने मान हलवून "जमलाय" म्हटलं, आमच्या घरात याच्या वरचं सर्टिफिकेट नाही.

पैसे देण्याची पद्धतही मी मुद्दाम बघत होते. टूरवाले गाड्यांवरच्या लोकांना कमी पैसे देतात का, नुसतं गिऱ्हाईक आणतो म्हणून फुकट खातात का, हे मला महत्त्वाचं वाटतं कारण कष्ट सगळे त्या माणसाचे असतात. दादा प्रत्येक ठिकाणी खाणं हातात यायच्या आधी पैसे देत होता, घासाघीस नाही, आणि ग्रुपला अर्धी-अर्धी प्लेट हवी असली तरी हिशोब पूर्ण प्लेटचा. त्यामुळे कुठल्याच गाड्यावर आमच्याकडे कोणी वाकड्या नजरेने पाहिलं नाही, उलट दादा दिसला की लोक हात वर करत होते.

तिथून सराफ बाजार. सरकारवाडा बाहेरून पाहिला, पेशवेकालीन वाडा आहे, लाकडी खांब बघत राहावेत असे. दहीपुलावर दादाने सांगितलं की आपण उभे आहोत त्याच्या खालून सरस्वती नाला जातो, जोराचा पाऊस झाला की तो फुगतो आणि सराफ बाजारातल्या दुकानांत पाणी शिरतं. रस्त्यावर उभं राहिलं तर कळतही नाही की खाली पाणी वाहतंय. नवऱ्याला अशा गोष्टींत फार रस, तो मागेच रेंगाळत होता.

आणि मग जिलबी. बुधा हलवाईची जिलबी हे नाशकातलं जुनं आणि नावाजलेलं नाव. पोचलो तर समोर परातीत जिलबी तयार होती, वाफ नव्हती पण दिसायला चांगली, गिऱ्हाईकं घेतही होती. आमच्या ग्रुपमधल्या दोघांनी हात पुढे केले, तर दादा म्हणाला थांबा, ही नको. नवा घाणा पडतोय, दहा-बारा मिनिटं लागतील, आपण थांबू. आत काम करणाऱ्याला त्याने नुसतं मानेने खुणावलं आणि आम्हाला कढई दिसेल असं बाजूला उभं केलं.

ती दहा मिनिटं मला टूरमधली सगळ्यात मोलाची वाटली. पसरट कढई, तूप तापलेलं, हातातल्या भोकाच्या भांड्यातून पिठाची धार पडतेय आणि हात गोल गोल फिरतोय, एक वेढा, दुसरा, मग मधून आडवी रेघ ओढून धार तोडायची आणि लगेच शेजारी दुसरी सुरू. बघणाऱ्याला वाटतं भराभर चाललंय, पण पहिली जिलबी उलटायची वेळ आणि शेवटची सोडायची वेळ बरोबर जुळलेली असते. सळईने उलटवल्या, रंग चढला, उचलून पाकात. पाकात किती वेळ ठेवायची त्यातच सगळं आलं, जास्त राहिली तर मऊ पडते, लवकर काढली तर आत पाक जात नाही. आम्हाला मिळाली ती दाताखाली मोडत होती आणि मोडली की आतून गरम पाक. त्याच्या जराशा आंबटपणामुळे गोडाचा कंटाळा येत नाही. मुलाने तीन खाल्ल्या, चौथी मागितली, मी नाही म्हटलं नाही.

माझ्या वरच्या प्रश्नाचं उत्तर इथे मिळालं. जिलबी कुठे मिळते हे मोबाईलवर कोणालाही सापडेल. पण समोर तयार असलेली जिलबी सोडून दहा मिनिटं थांबायचं, हे मोबाईल सांगत नाही. रस्त्यावरच्या खाण्यात जागेइतकीच वेळ महत्त्वाची, कधी घाणा पडतो, कुठलं तेल नुकतंच बदललंय, कुठे गर्दी आहे म्हणून माल ताजा फिरतोय, आणि कशानंतर काय खायचं. दादाकडे हे सगळं डोक्यात होतं. साडेआठशेतले वरचे पैसे त्याचे, आणि ते मी आनंदाने दिले असं म्हणेन.

आईला मैद्याची जिलबी उपवासाला चालणार नव्हती. दादाने तिचा वाटा वेगळा बांधून घेतला, पुडा तिच्या हातात दिला आणि म्हणाला मावशी, चंद्रोदय झाल्यावर खा, गार होईल पण चव जाणार नाही. रात्री हॉटेलवर नैवेद्य दाखवून तिने ती खाल्ली.

पुढे तिवंधा चौक. इथे रस्त्याच्या खाली रहाड आहे, पेशव्यांच्या काळापासूनची. मोठा दगडी हौद, वर्षभर लाकडं आणि माती टाकून बुजवलेला असतो, वरून गाड्या जातात, आणि रंगपंचमीला उघडून त्यात रंग करतात आणि लोक त्यात धप्पा मारतात. प्रत्येक रहाडीचा रंग ठरलेला. आपण तिच्यावरच उभे आहोत हे कळल्यावर ग्रुपमधले सगळे खाली बघायला लागले. मुलाला आता रंगपंचमीला परत यायचंय.

मग पाववडा, नाशिकची खास गोष्ट. पावात वडा असतो तो वडापाव. इथे पावाला मधून चीर देऊन आत बटाट्याची भाजी भरतात आणि अख्खा पाव बेसनात बुडवून तळतात. मी थोडी घाबरले होते, पाव तेल पितो की काय म्हणून. पण पीठ दाट होतं, बुडवून काढताना भांड्याच्या काठावर जरा निथळत ठेवत होते आणि मग सोडत होते, त्यामुळे बाहेर भजीसारखं कवच तयार होतं आणि आतला पाव नुसता वाफेवर मऊ होतो. सुरीने चार तुकडे करून दिला, सोबत चटणी आणि तळलेली मिरची. भाजीत लसूण-मिरची चांगली, हळदीचा अतिरेक नाही. अर्धा पुरेसा होतो, पूर्ण खाल्ला तर रात्रीचं जेवण विसरा. नवऱ्याने पूर्ण खाल्ला आणि जेवला नाही.

भद्रकालीकडे, दूध बाजाराच्या बाजूला नॉनव्हेजचं वेगळं जग आहे असं दादाने सांगितलं, त्याची टूर वेगळी असते. चतुर्थी असल्याने आमचा प्रश्नच नव्हता. खाणाऱ्यांनी ती बघावी.

आता एक स्टार कशासाठी कापला ते.

पहिलं म्हणजे ग्रुप मोठा. सोळा माणसं जुन्या नाशकातल्या गल्लीत एका वेळी मावत नाहीत. बोहोरपट्टीसारख्या ठिकाणी समोरून टू-व्हीलर येते, मागून हॉर्न, आम्ही भिंतीला चिकटून एका रांगेत, आणि दादा पुढे काय सांगतोय ते मागच्या चौघांना ऐकू येत नाही. त्यात निम्मे लोक हिंदी बोलणारे, म्हणजे तो तेच दोनदा सांगणार. आठ-दहाच्या वर बुकिंग घेऊ नये. दर थोडा वाढवला तरी चालेल, पण माणसं कमी ठेवा.

दुसरं जास्त महत्त्वाचं आहे आणि बायकांनी हे वाचावं. तीन-साडेतीन तासांची पायी टूर आहे आणि बुकिंगच्या पानावर वॉशरूमबद्दल एक अक्षर नाही. थंडीचे दिवस, मधे चहा, बरोबर सत्तरीच्या आसपासची आई. अशा वेळी बायका काय करतात, पाणीच पीत नाहीत. आई पाणी टाळतेय हे मला रविवार कारंज्यालाच लक्षात आलं. दादाला हळूच विचारलं तर त्याने एका ओळखीच्या रेस्टॉरंटमध्ये नेलं, तिथे स्वच्छ होतं, कोणी काही बोललं नाही. म्हणजे सोय आहे, फक्त विचारल्यावर कळते. ती सुरुवातीलाच जाहीर सांगा की, या दोन ठिकाणी थांबणार आहोत म्हणून, किती बायकांचा जीव भांड्यात पडेल. टूरवाल्यांना मी हे वेगळा मेसेज करूनही कळवलंय.

तिसरं, शेवटचा स्टॉप. चिवडा आणि फरसाणाच्या एका दुकानात नेलं आणि तिथे बराच वेळ अडकवून ठेवलं, हे टेस्ट करा, ते टेस्ट करा, हा कॉम्बो घ्या. चिवडा वाईट नव्हता पण पाववड्यानंतर कोणाच्या पोटात जागा होती? बाकी सगळी टूर एवढी विचार करून आखलेली आणि शेवट असा, याचं वाईट वाटलं. दादालाही ते आवडत नसावं, तो बाहेरच उभा होता. नाशिकचा चिवडा न्यायचाच असतो, आम्ही दुसऱ्या दिवशी कोंडाजीचा स्वतः जाऊन घेतला, तिखट आणि साधा दोन्ही.

स्वच्छतेबद्दल काही जण विचारतील. हात धुवायला पाणी आणि साबणाचे कागद टूरवाले देतात, प्यायला फिल्टरचं पाणी होतं. कच्च्या चटण्या कुठे घ्यायच्या आणि कुठे नाही हे दादा सांगत होता. आमच्यातलं कोणाचंही पोट बिघडलं नाही, मुलाचंही नाही, आणि त्याचं पोट नाजूक आहे.

मिसळीचं राहिलं. टूर संपल्यावर मी दादाला विचारलंच, उद्या सकाळी कुठे जाऊ. त्याने उलट विचारलं, तुम्हाला गावातली जुनी चव पाहिजे की मुलाला खेळायला जागा पाहिजे? गावातली म्हणाल तर अंबिका, भगवंतराव, आणि मोकळी जागा, चुलीवरचा रस्सा हवा तर शहराबाहेर साधना. आम्ही मुलासाठी साधनाला गेलो. काळा रस्सा, चुलीचा धुरकट वास, भरपूर वेळ, आईचा उपवास संपलेला, सगळ्यांनी पोटभर खाल्लं आणि कुठेही पुढे चालायचं नव्हतं. मिसळ अशीच खायला पाहिजे, दोन स्टार देणाऱ्यांनी हे एकदा करून बघा.

जाणाऱ्यांसाठी शेवटचं. संध्याकाळचीच बॅच घ्या, सकाळी यातल्या बऱ्याच गोष्टी त्या वेळेच्या नसतात. दुपारचं जेवण अर्धं करा. शनिवार-रविवार टाळा, रामकुंडावरच एवढी गर्दी असते की पहिला अर्धा तास त्यातच जातो. उपवास, पथ्य, गुडघे जे काही असेल ते भेटल्या भेटल्या गाईडला सांगा, लाजू नका. चपला मजबूत घाला, घाटाच्या पायऱ्या ओल्या असतात. गाडी जुन्या गावात आणू नका, पार्किंग मिळणार नाही, रिक्षाने पंचवटीत उतरा आणि परत येताना रविवार कारंज्यावरून रिक्षा करा, भाडं आधी ठरवून.